घुमटावरचा पहिला मान

आधीच सांगते, माझी नोकरी गेली त्यात घुमटाची काय बी चूक न्हाई. घुमट बिचारा शंभरेक वर्सं गुमान उभा हाय. चूक माणसांची. त्यात थोडी माझी. पण थोडीच, हे ध्यानात ठिवा.

मी शीला, खडकपिंपळ्याची सून. आमचं घर मेंढरांचं. नवरा हरिओम वर्साचे आठ महिने मेंढरं घिऊन रानोमाळ असतोय, अन् घरी मी, लेक बबलू, सासू कोंडाबाई अन् सासरे येडबा. सासूला मी आत्या म्हणते, सासऱ्याला मामा. गाव आमचं सोनपेठहून गंगेकडं, म्हंजी गोदावरीकडं, जाताना लागतंय. यष्टी फाट्यावर थांबती, तिथून घुमट दिसतोय. दिसतोय म्हंजी काय, दुसरं दिसायला हायच काय तिथं!

निजामाच्या राज्यात कुणी एक गोरा पादरी हिकडं आला अन् त्याच्या डोक्यात आलं, हितं कॅथेड्रल बांधायचं. कॅथेड्रल म्हंजी साधं चर्च न्हाई, जिथं बिशपची खुर्ची असती ते. घुमट झाला, खुर्ची बी आली, बिशप तेवढा यायचा राहिला. ती खुर्ची आजबी आत हाय. तिच्यावर कुणी बसत न्हाई, पण दर शनवारी बबिताबाई तिची धूळ पुसती. गावात किरिस्ताव घरं चार, दर रविवारी ती प्रार्थना करतात, अन् चावी बबिताबाईकडं असती.

मागच्या साली वारसा योजनेची माणसं आली. 'ऐतिहासिक कॅथेड्रल, मार्गदर्शित सहल व घुमटारोहण' अशी पाटी लावली. आतल्या जिन्याला लोखंडी कठडा बसवला, वर घुमटाच्या भोवती जी अरुंद गच्ची हाय तिच्यावर पिवळे बाण रंगवले, अन् गाईड पायजे म्हणले. बारावी पास अन् घुमटापासून शंभर पावलांवर राहणारी गावात मी एकलीच. सहा महिन्यांच्या करारावर मला ठिवलं. गळ्यात निळं कार्ड दिलं, त्याच्यावर माझा फोटू अन् खाली छापलेलं, 'शीला हरिओम, मार्गदर्शक'. खरं सांगते, लगीन झाल्यापासनं मी येडबाची सून, हरिओमची बायको, बबलूची माय. माझं सोताचं नाव छापलेलं मी बारावीच्या मार्कलिस्टनंतर तवाच बघितलं. रातीला बी कार्ड उशाखाली घिऊन झोपायची मी. हसा, हसा.

सहा महिन्यांत पर्यटक किती आले म्हणता? तीन. त्यातला एक पंक्चरचं दुकान विचारायला आलता. तरी मी त्याला पादऱ्याची सगळी गोष्ट सांगितली. गळ्यात स्पीकर अडकवून सांगितली, कारण नियमात तसंच लिहिलंय.

मग पत्र आलं. करार संपायच्या आत चाचणी फेरी घ्यायची. वीस माणसं एकदम वर न्यायची, गच्चीवर पुरा फेरा मारायचा अन् खाली आणायची. सगळं पंचेचाळीस मिनिटांत. जमलं तर घुमट लोकांना उघडा अन् मी कायम. न्हाई जमलं तर घुमटाला कुलूप अन् मी मेंढरांमागं. परभणीहून साहेब येणार, घड्याळ लावून खाली उभा राहणार.

वीस पर्यटक मी कुठून आणू? गावच पर्यटक करायचं ठरवलं.

घरोघरी फिरले. आमच्या शेजारची दैवशाला म्हणली, "देवाच्या डोक्यावर पाय द्यायचा? मी न्हाई बाई." मी तिला आत नेऊन दाखवलं, देव हाय तो पलीकडच्या भिंतीला, घुमट हाय तो अलीकडच्या मोकळ्या जागेवर. तिनं बोटानं अंतर मोजल्यावानी केलं, बबिताबाईला विचारलं, बबिताबाई म्हणली, "आमच्या देवाचं काय म्हणणं न्हाई, फक्त वर शेंगदाण्याची टरफलं टाकू नका." मग दैवशाला कबूल झाली. तिच्यामागं सहा जणी. सिद्धोधन मास्तर, रिटायर, ते तर लेखी काही असलं की खूश. त्यांनी नियमाचा कागद मागून घेतला अन् पाठ केला. अन् वर जायचं म्हणल्यावर दिनकरराव आपसूक आलेच.

आता दिनकरराव कोण, हे सांगावं लागंल. आमच्या गावात म्हसोबाच्या जत्रंला निवद घिऊन जायची रांग ठरलेली हाय. पहिला मान दिनकररावाच्या घराचा. मग भावकी, मग बाकीचे, अन् शेवटचा मान आमचा, मेंढरावाल्यांचा. शेवटच्याला बी मानच म्हणतात, म्हंजी तक्रार करायची सोय न्हाई. अन् ही रांग जत्रंपुरती राहिली असती तर गोष्ट निराळी. मतदानाला तीच रांग, रेशनला तीच, पोलिओच्या डोसाला बी पहिलं तोंड दिनकररावाचं नातवंड उघडतंय.

चाचणीच्या दिवशी सकाळी नऊला साहेब आले. पांढरी गाडी, गळ्यात शिट्टी, हातात पुठ्ठ्याला लावलेला कागद. माणूस म्हणाल तर चांगला होता, घाबरलेला होता एवढंच. म्हणाला, "ताई, नियम एक. मार्गदर्शक सर्वात पुढे."

"व्हय साहेब," म्हणून मी जिन्याच्या दारात पाय ठिवला, तर मागनं दिनकरराव खाकरले.

"शीले, तू कुठं?"

"फुडं. गाईड हाय मी."

"गाईड हायस तर माहिती दे. मागनं बी ऐकू येतंय. स्पीकर हाय की तुला."

मी साहेबाकडं बघितलं. साहेबानं कागदाकडं बघितलं. दिनकरराव तवर तिसऱ्या पायरीवर गेलते, त्यांच्यामागं त्यांची बायको कडूबाई, मग भावकी, मग मास्तर, मग बाया, अन् शेवटी आमची आत्या. तिच्यामागं मी. साहेबानं कागदावर एक फुली मारली अन् घड्याळ चालू केलं. मामा तेवढे खाली लिंबाच्या सावलीला बसून राहिले. गावाच्या कुठल्याच रांगेत ते उभे राहात न्हाईत. कामून, ते फुडं कळंल.

जिना म्हंजी गोल गोल वर जाणारी नळीच. शहात्तर पायऱ्या, अन् रुंदी एका माणसाची. दिनकररावांसारखं माणूस असंल तर पाऊण माणसाची. मी मागनं स्पीकरवर सुरू केलं, "आपण आता चढत आहोत तो जिना एका अखंड..." फुडचं कुणी ऐकलं न्हाई, समदे धापा टाकायलेत. पण चढले बरं! बारा मिनिटांत दिनकरराव वर पोचले. मला वाटलं, जमतंय. देवाशपथ, मला वाटलं, जमतंय.

वरची गच्ची जिन्यापेक्षा बी अरुंद. आतल्या अंगाला घुमट, बाहेरच्या अंगाला छातीएवढा जाळीचा कट्टा, मधी एका माणसापुरती वाट, अन् पुऱ्या गच्चीला दार एकच. आता साधी गोष्ट हाय: समदे एकाच अंगाला वळले, फेरा मारला, की पहिला माणूस परत दाराशी येतोय अन् उतरतोय. त्याच्यासाठीच बाण काढलेत. पण ज्या कुणी बाण काढले त्यानं ते डावीकडं काढले.

दिनकरराव दारातनं बाहेर आले, बाण बघितला अन् थबकले. डावीकडं वळलं तर घुमट डाव्या हाताला येतोय. आपण प्रदक्षिणा घालताना देऊळ कुठल्या हाताला ठिवतो? उजव्या. उलटा फेरा कशाला मारतात ते सकाळच्या पारी तोंडानं घ्यायचं न्हाई. मसणवाट्यात मारतात. दिनकरराव उजवीकडं वळले. त्यांच्यामागं कडूबाई, भावकी, अशी अकरा माणसं उजवीकडं.

बारावा नंबर मास्तरांचा. त्यांनी बाण बघितला अन् चष्मा पुसला. "लिहिलंय ते लिहिलंय," म्हणले, अन् डावीकडं वळले. तिकडं आठ माणसं झाली, मास्तर धरून. शेवटी दैवशाला. तिच्यामागं आत्या. आत्यानं दारात येऊन उजवीकडं बघितलं, जागा न्हाई. डावीकडं बघितलं, जागा न्हाई. मग ती उंबऱ्यातच थांबली. मी तिच्यामागं जिन्याच्या वरच्या पायरीवर.

घुमटाच्या पलीकडच्या अंगाला दिनकरराव अन् मास्तर समोरासमोर आले. मला दिसत न्हवतं, ऐकू येत होतं.

"मास्तर, मागं सरका."

"बाण तुमच्याकडं तोंड करून हाय. तुमी सरका."

"अर्धी प्रदक्षिणा झाली. अर्ध्यातनं मोडत नसतात, मास्तर."

"मग मी नियम मोडू?"

"तुमच्या नियमाला काय हाय, तो काल रंगवलाय!"

खालून साहेबाची शिट्टी. "वीस मिनिटं!"

मी स्पीकरवर बोलले, "ग्रामस्थांनो, कृपया एका बाजूनं माघार घ्यावी." कोणी घेतली न्हाई. उलट दोन्हीकडच्यांनी मधी दाब दिला, तवा कडूबाई वरडली की तिचं पोट कट्ट्याला लागायलंय. शेवटी मीच हिशेब केला. मधले हलत न्हाईत, ठीक हाय. मग शेपटाकडनं सोडवायचं. दोन्ही रांगा उलट्या पावली मागं येतील, दाराशी असलेला पहिला उतरंल, मग त्याच्याजवळचा, मग त्याच्याजवळचा. समद्यांत शेवटी दिनकरराव अन् मास्तर. हितं मान-बिन काय ऱ्हात न्हाई, दार एकच हाय. मास्तर म्हणले, चालंल. कडूबाई म्हणली, लौकर करा. दिनकरराव काही बोलले न्हाईत, म्हंजी चालंल.

"आत्या," मी म्हणले, "तुमी उतरा. मी तुमच्या मोहरं उतरते."

आत्या उंबऱ्यात फतकल मारून बसली.

"मी न्हाई," म्हणली.

"गुडघे दुखायलेत का?"

"गुडघे बरे हाईत. मी दिनकररावांच्या फुडं कशी जाऊ? पहिला मान त्यांचा. ते उतरले की त्यांच्यामागं समदे, अन् समद्यांमागं मी. तशी रीत हाय."

मी म्हणले, आत्या, ते तिकडं पलीकडं अडकलेत, तुमी उठल्याबिगर ते हलूच शकत न्हाईत. तर म्हणती, "ते मला काय म्हाईत. मी एकदा फुडं गेलते."

गावात ती गोष्ट समद्यांना म्हाईत हाय अन् कुणी काढत न्हाई. आत्या नवी नवरी होती. जत्रंच्या रांगेत शेवटी चाललेली. आमची एक मेंढी बुजली अन् रांगेतनं फुडं पळाली, आत्या डोक्यावरचा निवद सांभाळत तिच्यामागं पळाली, अन् मेंढी धरंपर्यंत ती दिनकररावांच्या घरच्या निवदाच्या फुडं जाऊन उभी राहिली. दिनकररावांचं पहिलंच वर्स होतं मानाचं, पंचविशीतलं पोरगं. त्यांनी तिथंच रांग थांबवली अन् मामांना, समद्या गावासमोर, पारावर नाक घासायला लावलं. बायकोच्या चुकीचं नवऱ्यानं. एक्केचाळीस वर्सं झाली. त्या दिसापासनं मामा कुठल्या रांगेत न्हाईत.

पलीकडनं दिनकररावांचा आवाज आला. "कोंडे! हुकूम करतोय मी, उतर!"

आत्यानं आवाज चढवला न्हाई, पण गच्ची गोल हाय, समद्यांना ऐकू गेलं. "हुकूम तुमचा अन् नाक येडबाचं. न्हाई उतरत."

"बरं, परवानगी देतो!"

"परवानगी नको मला. एवढंच सांगा. माणूस तुमच्या फुडं गेला, ही चूक हाय का न्हाई? चूक असंल तर ती मी परत कशाला करू? अन् चूक नसंल तर तवा नाक कामून घासायला लावलं?"

मास्तर पलीकडनं हळूच म्हणले, "मुद्दा बिनतोड हाय." दिनकररावांनी त्यांना गप केलं.

"पंचवीस मिनिटं!" खालून साहेब.

मग गावानं तिथंच बैठक बसवली. बसवली म्हंजी समदे उभेच, बसायला जागा कुठं? अर्ध्या माणसांना अर्धी माणसं दिसत न्हाईत. कुणी काही बोललं की ते दोन्हीकडनं एकेकाला सांगत फिरवायचं अन् उत्तर उलट्या वाटेनं यायचं. भावकीतला एक म्हणला, दिनकररावांना डोक्यांवरनं उचलून दाराशी आणू. दिनकररावांचं वजन आठवलं तसा तोच गप झाला. कडूबाई म्हणली, कोंडाबाईनं उलट्या तोंडानं उतरावं, म्हंजी तोंड आमच्याकडं राहील, मग ती फुडं गेली असं होत न्हाई. मास्तरांनी त्याच्यावर पाच मिनिटं विचार केला अन् म्हणले, तोंड बघायचं का पाय बघायचे, ह्याचा आधी निकाल लागला पायजे. आत्या म्हणली, "मी सोळा वर्सांची न्हाई उलटी उतरायला." दैवशालानं मतदान सुचवलं. हात वर करा म्हणल्यावर कुणीच केला न्हाई, कारण समद्यांनी दोन्ही हातांनी कट्टा घट्ट धरलेला. मत शून्य पडलं.

आत्या मात्र उंबऱ्यात बसून समोर बघायलेली. तिथनं गंगेचं पात्र दिसतंय, ऊस दिसतोय, अन् पार तिकडं आमच्या मेंढरांची पांढरी-काळी ठिपकी दिसायलेली. "हरिओम हाय तो," म्हणली. "घोंगडं कुठं टाकलंय बग त्यानं, उन्हात." मला हसू बी येईना अन् रडू बी येईना. कायम व्हायची नोकरी माझी, अन् ही हितं घोंगडं बघायली!

"अडतीस मिनिटं!" साहेबाचा आवाज आता चिरकायला लागलेला.

अन् तवा आत्यानं मान वळवली. माझ्या गळ्यातल्या कार्डाकडं बघितलं. तिला वाचता येत न्हाई, पण त्याच्यावर काय छापलंय ते तिला म्हाईत हाय, मीच तिला धा वेळा वाचून दाखवलंय.

"शीले, माझ्यामुळं तुझी नोकरी जाईल की गं."

मी कार्ड मुठीत धरलं.

"जाऊ दी मग," म्हणली. "मेलं ते नाक. कवाची गोष्ट. उतरते मी." अन् एक हात गुडघ्यावर, एक हात चौकटीला, असं करून ती उठायला लागली.

सात मिनिटं होती. शहात्तर पायऱ्या, वीस माणसं. धावपळ केली असती तर झालं असतं. मी मनात मोजलं बी. मला ती नोकरी लय पायजे होती हो. खोटं कशाला सांगू, त्या घटकेला मला सासू-सासऱ्यापेक्षा ते कार्ड प्यारं होतं. मग मी जाळीतनं खाली बघितलं. लिंबाखाली मामा बसलेले, काठी आडवी मांडीवर, तोंड घुमटाकडं. अन् आत्याचा तो गुडघ्यावरचा हात बघितला. एक्केचाळीस वर्सांनी बाईनं एक सवाल इचारला, अन् जवाब यायच्या आधीच माझ्यापायी उठायली.

"बसा आत्या," मी म्हणले.

"अगं, पण..."

"बसा म्हणते न्हवं! घाई न्हाई. जवाब येऊ द्या."

ती बसली. पंचेचाळीसची शिट्टी झाली तवा मी जिन्यात तोंड करून उभी होते, कुणाला दिसू ने म्हणून. माझ्या डोळ्यांतनं धार लागली अन् दस्ती घरी राहिली होती, म्हणून कार्डाच्या फितीनंच पुसलं.

त्यानंतर कुणाला कशाची घाईच राहिली न्हाई. ऊन चढलं. दैवशालानं गाणं म्हणायला सुरवात केली, ते मधीच सोडलं. मास्तरांनी दिनकररावांना बाणांचं शास्त्र समजावून सांगितलं. दिनकररावांनी ते ऐकून घेतलं, म्हंजी त्यांची हालत किती वाईट झाली होती बगा.

अन् खरी हालत काय होती ते पाव तासानं कळलं. कडूबाईनं कानाकानानं निरोप पाठवला, तो नऊ माणसांतनं फिरत दैवशालाकडं आला अन् तिच्याकडनं माझ्याकडं: "ह्यांना शुगर हाय. लघवीला लय वेळ दम निघत न्हाई. लौकर काय तरी करा."

आत्यानं बी ते ऐकलं. पदर तोंडाला लावला, अन् पदर हलायला लागला.

मी गळ्यातला स्पीकर काढला. "दिनकररावांना द्या," म्हणले. "त्यांना जे बोलायचं ते समद्यांना ऐकू जाऊ दी." स्पीकर हातोहात उजवीकडनं गेला. थोडा वेळ नुसती खरखर. मग दिनकररावांचा श्वास. खाली बबिताबाई, साहेब, गाडीचा ड्रायव्हर, पारावरची माणसं, समदी मान वर करून.

"कोंडाबाई," स्पीकर म्हणला. गावात कुणी कधी दिनकररावांच्या तोंडून 'बाई' ऐकलं न्हवतं. "तवा तुमची चूक न्हवती. मेंढी बुजली होती. नाक घासायला लावलं ती माझी चूक. झालं? आता देवासाठी उतरा!"

आत्या उठली. गुडघे झटकले, पदर नीट केला. मी तिच्या मोहरं होते, पण मी बाजूला भिंतीला चिकटले, एवढी चिकटले की श्वास घेता येईना, अन् तिला म्हणले, "तुमी व्हा फुडं." ती गेली. एकेक पायरी, कठडा धरून, काही घाई न्हाई. तिच्यामागं मी, मग दैवशाला, तिच्यामागं समदं गाव, डावीकडचं एक, उजवीकडचं एक, असं करत करत.

खाली दारात साहेब उभा. आत्या पहिली बाहेर आली, तर त्यानं तिलाच नमस्कार केला. त्याला काय म्हाईत कोण कुठल्या मानाचं! मग तो माझ्याकडं वळला. तास अन् बावीस मिनिटं, म्हणाला. कागद दाखवला. मार्गदर्शक पुढे, फुली. वेळ, फुली. एकाच दिशेने फेरा, फुली. 'विलंबाचे कारण' असा एक रकाना होता, तिथं त्यानं पेन धरून ठिवलं अन् मला विचारलं, "काय लिहू?"

"चौकशी चालू होती, असं लिहा," मी म्हणले.

त्यानं लिहिलं. मग मी कार्ड काढून दिलं. फोटू माझा, पण कार्ड त्यांचं. द्यावंच लागतंय. वाईट वाटलं. लय वाटलं. जिन्याच्या दाराला कुलूप लागलं तवा मी तिकडं बघितलं सुदिक न्हाई.

दिनकरराव समद्यांत शेवटी उतरले होते, मास्तरांच्या बी मागं. उतरले ते कुणाकडं न बघता भिंतीच्या पलीकडं बाभळीत पळाले. थोड्या वेळानं आले. तोंड धुतलेलं, टोपी सरळ केलेली. गाव पांगायला लागलेलं. त्यांना लिंबावरनंच घराकडं जायचं होतं, अन् लिंबाखाली मामा बसलेले, त्यांच्याजवळ आत्या अन् मी.

दिनकरराव थांबले. मामांनी काठीवर हनुवटी टेकली.

"काय म्हणलात वरनं?" मामा म्हणले. "मला काय ऐकू आलं न्हाई."

आता मामांचे कान किती चालतात ते मला बारा वर्सं नांदून बी कळलेलं न्हाई. पैशाचं बोललेलं ऐकू येत न्हाई, भाकर वाढलेली ऐकू येती. दिनकररावांनी माझ्याकडं बघितलं, स्पीकर कुठं हाय म्हणून. स्पीकर साहेबाच्या गाडीत गेला होता. आत्याकडं बघितलं, आत्या मेंढरांकडं बघायलेली.

मग त्यांनी टोपी काढली. वाकले. एवढं मोठं अंग, वाकायला वेळ लागला. तोंड मामांच्या कानाशी नेलं अन् बोलले. काय बोलले ते आमाला ऐकू आलं न्हाई, कारण ते हळू बोलले, अन् बराच वेळ बोलले. घुमटावर बोलले त्याच्यापेक्षा जास्ती.

मामांनी ऐकून घेतलं. मान हलवली.

"मघाच बी ऐकलं होतं," म्हणले. "पण मघा तुमाला घाई होती."